पल्याडचा भूगोल

विस्तार अधिकारी सातवीच्या वर्गावर आले आणि पहिल्याच बाकावरच्या मुलाला उभं करून त्यांनी विचारलं, की एखाद्या डोंगराचं नाव सांग. मुलगा गडबडला. सह्याद्री म्हणायला त्यानं तोंड उघडलं असावं, पण बाहेर पडलं ते "घुमा". हा डोंगर कुठं आला, असं साहेबांनी विचारल्यावर मागच्या बाकांवरून तीन-चार पोरं एकदम म्हणाली, "पल्याड." साहेबांना वाटलं, गोदावरीच्या पल्याड म्हणजे शेजारच्या तालुक्यात असेल. त्यांनी मान डोलावली, शेरेबुकात 'विद्यार्थ्यांना स्थानिक भूगोलाची चांगली माहिती आहे' असं लिहिलं आणि चहा घेऊन गेले.

घुमा नदीच्या पल्याड नव्हता. तो कुठंच नव्हता. आमच्या भूगोलाच्या सरांनी तो सातवीच्या मागच्या भिंतीवर गेरूनं उभा केला होता.

सोनपेठपासून जवळच्या एका गावात आमची शाळा. पाचवी ते दहावी. मी मराठी शिकवायची आणि सर भूगोल. उंच, जरासे वाकलेले, पांढरा शर्ट घालणारे. शर्टाचा खिसा मात्र कायम उसवलेला, कारण वाटेत दिसेल तो दगड उचलायचा, बोटाच्या पेरानं त्यावर टकटक करायचं, कानाशी धरायचा आणि आवडला तर खिशात टाकायचा, ही त्यांची सवय. खिसे शिवून शिवून त्यांच्या बायकोनं शेवटी एका जुन्या जीनपँटचं कापड सगळ्या शर्टांना आतून लावून टाकलं. त्यामुळं सरांची छाती डावीकडून जरा फुगीर दिसायची आणि नवीन माणसाला वाटायचं, यांनी आत पाकीट ठेवलंय.

दुसरी सवय म्हणजे कारण विचारण्याची. "कारण सांगा" हे त्यांचं पालुपद होतं. एसटी उशिरा आली की कंडक्टरला म्हणायचे, कारण सांगा. भाजीत मीठ जास्त झालं की बायकोला, प्रार्थनेला पोर गैरहजर राहिलं की पोराला. रागानं नाही, खरोखरच जाणून घ्यायचं असायचं त्यांना. एकदा शाळेसमोरच्या हॉटेलात त्यांनी चहा गार का, कारण सांगा, असं विचारलं. हॉटेलवाला म्हणाला, "कारण ह्ये, की मी कवाच ठिवलाय आन् तुमी दगड बघत बसलात." सरांना हे उत्तर इतकं पटलं, की तो गार चहा त्यांनी आनंदानं पिऊन टाकला आणि आम्हाला स्टाफरूममध्ये येऊन सांगितलं, की बघा, याला म्हणतात कार्यकारणभाव.

पल्याडची सुरुवात कशी झाली ते मला नीट आठवतं. आमच्याकडं दिवाळी संपली की वर्ग निम्मे रिकामे होतात. उसाच्या तोडीला माणसं जातात, पोरं त्यांच्याबरोबर जातात. कालपर्यंत गजबजलेला वर्ग आज उघडावा तर मधले मधले बाक मोकळे, दात पडल्यासारखे. मागं राहिलेल्या पोरांचंही कशात मन नसायचं. ज्याची बहीण गेलेली, ज्याचा जोडीदार गेलेला, ते खिडकीतून रस्त्याकडं बघत बसायचं. अशा एका दुपारी सरांनी पुस्तक मिटलं, मागच्या भिंतीशी गेले आणि गेरूच्या खड्यानं तिच्यावर एक वाकडी आडवी रेघ ओढली. म्हणाले, ही नदी. आता या नदीच्या पल्याड काय आहे, ते आपण ठरवायचं.

असा तो देश सुरू झाला. त्याचं नावही मग तेच पडलं.

पल्याडचं वैशिष्ट्य म्हणजे तिथले दगड. ते रडायचे. घुमा हा पोकळ डोंगर. त्याला उत्तरेकडून एक तोंड आणि दक्षिणेकडून दुसरं. हिवाळ्यात ईशान्येचा वारा आत शिरला, की बंद खोलीत कुणीतरी तोंडावर पदर धरून 'ऊं' करत बसल्यासारखा आवाज दिवसभर यायचा. नदीच्या पात्रात खोल रांजणखळगे होते. पाणी ओसरताना त्यांच्यात हवा अडकायची आणि सुटायची, तेव्हा ते हुंदके द्यायचे. लहान खळगा बारीक आवाजात, मोठा घोगऱ्या. एक अरुंद घळ होती, तिला तान्ही म्हणत, कारण वावटळ आली की ती अंगावरच्या पोरासारखी टाहो फोडायची. आणि सगळ्यांत पुढं, माळाच्या कडेला, उभ्या बायका. काळ्या पाषाणाचे उंच षटकोनी खांब, एका रांगेत, खांद्याला खांदा लावून उभे. ते दिवसभर गप्प असायचे. सूर्य बुडाला, की त्यांच्यातून बांगड्या फुटल्यासारखा आवाज यायचा.

नियम एकच होता. जादू चालणार नाही. दगड रडतो म्हणायचं असेल तर का रडतो ते सांगायचं. वारा कुठला, भोक केवढं, खडक कोणता. एक पोरगा म्हणाला, "सर, त्या घळीत भूत असंल." सर म्हणाले, असू दे की. पण भुतालाही रडायला हवा लागते, ती हवा कुठून आली ते सांग. मग त्या पोरानं आठवडाभर डोकं चालवून वाऱ्याची दिशा, घळीची उंची आणि माळावरची तापलेली जमीन यांचा असा काही मेळ घातला, की भुताची गरजच उरली नाही. पाठ्यपुस्तकातला वाऱ्यांचा धडा त्या वर्षी सातवीला शिकवावाच लागला नाही.

मी एकदा त्यांना विचारलं होतं, की सर, तुमच्या देशातले सगळेच दगड रडतात कसे? एखादा हसणारा डोंगर काढा की. ते म्हणाले, "बाई, या दिवसांत मी हसणारा डोंगर काढला, तर पोरं मला खोटारडा म्हणतील."

हे दगड कुणासाठी रडतात, ही भर मात्र पोरांनी घातली. कुणीतरी म्हणालं, की पल्याडच्या लोकांत पद्धत आहे. माणूस गाव सोडून गेला, की त्याच्या नावानं एक दगड ठेवायचा. तो परत येईपर्यंत दगड रडतो. मला वाटलं, आता सर नियम दाखवतील. पण ते खूश झाले. फळ्यावर त्यांनी दोन रकाने पाडले आणि सांगितलं, की दगड वाऱ्यानं वाजतो हा प्राकृतिक भूगोल. तो कुणासाठी रडतो हे लोकांनी ठरवणं, हा मानवी भूगोल. दोन्ही खरे. दोन्ही परीक्षेला आहेत.

मग भिंतीवर नावं यायला लागली. तोडीला गेलेल्या प्रत्येक पोराला मागं राहिलेल्यांनी एकेक दगड दिला. खडूनं त्या दगडाखाली नाव. पाडव्याच्या सुमारास पोरं परत यायची, उन्हानं काळी पडलेली, हाताला उसाच्या पाचटाचे ओरखडे, आणि वर्गात शिरल्या शिरल्या आधी मागच्या भिंतीकडं धावायची. आपलं नाव कुठल्या दगडाखाली आहे ते शोधायचं आणि आपल्याच तळहातानं पुसायचं. एका पोराला रांजणखळगा दिलेला होता. तो रुसला, की मला घुमा का नाही दिला. त्याची समजूत घालता घालता सरांचा अख्खा तास गेला.

या देशापायी मुख्याध्यापकांनी एकदा त्यांना चांगलंच झापलं होतं. घुम्याचा आवाज नेमका कसा येतो ते पोरांना दाखवायचं म्हणून सरांनी प्रत्येकाला घरून एक रिकामी बाटली आणायला सांगितली. बाटलीच्या तोंडावर ओठ टेकवून आडवी फुंकर मारली, की ती घुमते, हे सगळ्यांना माहीत आहे. पण आमच्या गावात रिकाम्या बाटल्या सहज मिळतात त्या देशी दारूच्या, स्टँडच्या मागं. मुख्याध्यापक राउंडला निघाले आणि बघतात तर सातवीचा सगळा वर्ग ओळीनं बसून संत्र्याचं चित्र असलेल्या बाटल्या तोंडाला लावतोय. त्यांना घामच फुटला. त्या सगळ्या बाटल्या एकदम घुमल्या तेव्हा मी शेजारच्या वर्गात होते. आवाज खरोखर काळजात उतरणारा होता. माझ्या वर्गातली पोरं लिहायची थांबली. मुख्याध्यापकांनी काय काय सुनावलं ते सरांनी मान खाली घालून ऐकलं आणि शेवटी म्हणाले, "सर, पण आवाज कसा आला, बघितलंत का?"

स्वतःबद्दल ते फार बोलत नसत. त्यांचं मूळ गाव पेडगावच्या बाजूचं आणि त्यांचे आईवडीलही तोडीला जायचे, एवढं आम्हाला माहीत होतं. पाचवीपर्यंत त्यांची शाळा दरवर्षी अर्धीच झाली. मग मावशीनं ठेवून घेतलं, म्हणून मी मास्तर झालो, असं ते म्हणायचे. मावशीकडं राहिल्यावर आईची आठवण यायची का, असं मी विचारलं होतं. म्हणाले, यायची. आणि खिशातला दगड काढून बघत बसले.

भिंतीवरच्या देशाला दोन-तीन वर्षं झाली, तेव्हा शीतल नावाची मुलगी सातवीत होती. काळीसावळी, बारकी, बोलायला सडेतोड. उभ्या बायकांच्या आवाजाचं कारण वर्गात कुणालाच सांगता येईना, तेव्हा ते तिनं सांगितलं होतं. दिवसा दगड तापून फुगतात, सांजच्याला एकदम गार होऊन आकसतात, आकसताना तडकतात. हे तुला कसं कळलं, असं विचारल्यावर ती म्हणाली, की आमच्या घरावरचे पत्रे तसेच वाजतात. सर त्या दिवशी स्टाफरूममध्ये चार-चारदा तेच सांगत होते. ती पोरगी शिकली पाहिजे, असं त्यांच्या मनानं घेतलं.

पण शीतलही दरवर्षी आईबापाबरोबर जायची. मधली चार-पाच महिन्यांची शाळा बुडायची. त्या दिवाळीत सर तिच्या घरी गेले. मलाही बरोबर नेलं, कारण घरात आईशी बोलायचं होतं. बाप लगेच तयार झाला. म्हातारी आजी घरी राहणारच होती, पोरीला भाकरतुकडा करून घालायला ती होती. आई मात्र सूप मांडीवर घेऊन ऐकत होती. हातातलं धान्य निवडणं चालूच होतं. मग म्हणाली, "सर, ती संगं असली की मला काम जड लागत न्हाई. दिवस कसा जातोय कळत न्हाई. पण तुमी म्हणायलात तर ठिवते."

सर म्हणाले, ठेवा. तिचं चांगलं होईल.

त्या वर्षी पहिल्यांदाच असं झालं, की शीतल राहिली आणि आई गेली. दुसऱ्या दिवशी तिनं भिंतीवर उभ्या बायकांपैकी एक निवडली, मधली, जरा ठेंगणी, आणि तिच्याखाली खडूनं लिहिलं, 'आई'. बापासाठीही घुम्याच्या पायथ्याशी एक लहानसा दगड दिला. शाळा सुटली की ती रोज भिंतीपाशी जाऊन पुसट झालेलं अक्षर पुन्हा गिरवायची. अभ्यासात तर ती अशी सुटली, की विचारू नका. सरांनी तिला पुढच्या वर्षीची स्कॉलरशिपची पुस्तकं आणून दिली.

संक्रांत झाली आणि एका दुपारी सरांच्या फोनवर निरोप आला. फडातून कारखान्याकडं निघालेली उसाची ट्रॉली उलटली होती. वर बसलेल्या बायांत शीतलची आई होती. दवाखान्यात नेलंय, पोरीला घेऊन या, असं बाप म्हणाला. आजीला एवढा प्रवास झेपणार नव्हता. सर तसेच उठले, वर्गातून शीतलला घेतलं आणि मिळेल त्या एसटीनं परभणीला, तिथून पुढं पश्चिमेकडं निघाले. आईला लागलंय, एवढंच त्यांनी तिला सांगितलं होतं. ते दुसऱ्या दिवशी दुपारी पोचले. आदल्याच दिवशी संध्याकाळी आई गेली होती आणि सकाळी मातीही उरकली होती. लेक यायलीय, थांबा, असं बाप सगळ्यांना म्हणत होता म्हणे. पण परक्या गावात, परक्याच्या रानात, तो तरी कुणाला किती थांबवणार? शीतलला तिथं फक्त जागा दाखवली.

सर परत आले ते वेगळेच माणूस होऊन आले. शीतल दिवस करायला तिकडंच राहिली होती. मुख्याध्यापकांनी त्यांना समजावलं, की पोरगी आईबरोबर असती तर तीही त्याच ट्रॉलीवर असती, तुम्ही तिला वाचवलं असं समजा. ते खोटं नव्हतं. पण सर म्हणाले, "आई तिला शेवटी काय म्हणाली असती, हे आता कुणालाच कळणार नाही."

मग रविवारी, शाळा बंद असताना, ते एकटेच आले. चुन्याची बादली आणि कुंचला घेऊन त्यांनी सातवीची मागची भिंत रंगवून काढली. नदी, घुमा, रांजणखळगे, तान्ही, उभ्या बायका, सगळं. गेरू एका हातात झाकला जाईना, म्हणून दोन हात दिले. सोमवारी पोरं आली आणि पांढऱ्या भिंतीकडं बघत उभी राहिली. सरांनी हजेरी घ्यायला सुरुवात केली. पोरीच्या नजरेला ते नाव पडू नये, एवढाच त्यांचा हेतू होता. मी तो समजू शकते. आजही समजू शकते.

शीतल आली तेव्हा मी त्याच वर्गावर होते. माझा तास संपत आला होता आणि सर दारात येऊन थांबले होते. ती आत आली ती सरळ मागच्या भिंतीशी गेली. हात लावून बघितला. चुना हाताला लागला. मग वळून तिनं सरांना विचारलं, "सर, माझ्या आईचा दगड?"

सर दारातून आत आले. तिच्याकडं न बघता त्यांनी टेबलावर पुस्तक ठेवलं आणि अगदी हळू आवाजात म्हणाले, "शीतल, दगड रडत नसतात. तो वारा असतो. बस. पुस्तक काढ."

ती बसली. तिनं पुस्तक काढलं. मी माझी हजेरी उचलून बाहेर आले. व्हरांड्यात मला सरांचा आवाज ऐकू येत होता; ते धडा वाचत होते, ओळीमागून ओळ, स्वल्पविराम, पूर्णविराम सांभाळून.

पुढच्या दिवाळीनंतर शीतल बापाबरोबर तोडीला गेली. बापाला भाकरी करून घालायला आता कुणीतरी पाहिजे होतं. या वेळी सर तिच्या घरी गेले नाहीत. ती परत आली तेव्हा वर्ग बराच पुढं गेला होता. आठवी तिनं कशीबशी केली आणि मग ती शाळेत दिसलीच नाही. काही वर्षांनी तिचं लग्न झाल्याचं कळलं.

त्यानंतरही सर आमच्या शाळेत पुष्कळ वर्षं होते. नवीन पोरांना ते विक्षिप्त वगैरे वाटत नसत. वेळेवर येणारे, पुस्तकातलं पुस्तकाप्रमाणं शिकवणारे, निकाल चांगला लावणारे एक सर. खिशात दगड नसे. चहा गार असला तरी पिऊन टाकत, कारण विचारत नसत. मी एक-दोनदा आडून आडून सुचवून बघितलं, की या वर्षीची सातवी फार मलूल आहे, काहीतरी करा की पूर्वीसारखं. ते म्हणत, पुस्तकात भरपूर आहे, बाई. दिवाळीनंतर बाक रिकामे पडत, पोरं खिडकीबाहेर बघत, आणि मागची भिंत पांढरीच राहायची. मला त्या देशाचा नकाशा आता पूर्ण आठवत नाही. घुम्याच्या दक्षिणेला काहीतरी होतं, एक गाव किंवा एक खिंड. सरांना विचारलं, तर त्यांना आठवतं हे चेहऱ्यावर दिसायचं, आणि ते म्हणायचे, आता विसरलो.

ते निवृत्त झाले. मुलगा परभणीला होता, पण ते सोनपेठलाच राहिले. एकदा एका लग्नात भेटले तेव्हा जेवणाच्या पंगतीत माझ्या शेजारी येऊन बसले आणि एकदम म्हणाले, "शीतलला भेटायचंय. तुम्ही याल का बरोबर? एकट्याच्यानं होत नाही." जुन्या विद्यार्थ्यांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवरून त्यांनी तिचा पत्ता काढलाही होता. मानवत तालुक्यातलं एक गाव. दिवाळी दोन-तीन दिवसांवर होती. तोडीला जायच्या आधी गाठलं पाहिजे, असं ते म्हणाले.

वाटेत ते काय बोलायचं ते मनातल्या मनात जुळवत होते. ओठ हलताना दिसत होते. घर सापडलं. शीतल अंगणात गोधड्या उन्हात टाकत होती. तिनं आम्हाला पटकन ओळखलं, पदर डोक्यावर घेऊन दोघांच्या पाया पडली. अंगानं तशीच बारकी, पण चेहरा आईवर गेलेला. तिनं सतरंजी अंथरली, पाणी दिलं, चहा टाकला. नवरा गाडीचं बघायला गेला होता. सासू आत होती. पाच-सहा वर्षांची एक मुलगी खांबाला धरून आमच्याकडं बघत होती. ती तिची लेक, श्रावणी.

चहा झाला आणि सरांनी सुरुवात केली. त्या दिवशी तू मला आईचा दगड मागितला होतास, ते म्हणाले, आणि मी तुला नको ते बोललो. मला ते बोलायला नको होतं. तो दगड मी तुला काढून द्यायला पाहिजे होता.

शीतल त्यांच्याकडं बघत राहिली. मग विचारलं, "कसला दगड, सर?"

सरांनी सांगितलं. भिंत सांगितली, उभ्या बायका सांगितल्या, तूच त्यांच्या आवाजाचं कारण सांगितलं होतंस म्हणाले. तिनं आठवून बघितलं. "हां, वर्गात मागं चित्र व्हतं, डोंगराचं. तेच का? व्हतं बघा कायतरी." यापलीकडं तिला काही आठवेना. तिला वाईट वाटलं, की सर एवढ्या लांबून आले आणि आपल्याला आठवत नाही. म्हणून घाईघाईनं म्हणाली, "मला ते आठवतंय सर, आपण आईकडं जायलो तवा तुमी मला मोसंब्या सोलून देत व्हतात. गाडी लागून मी वकायली तर तुमी म्हणलात, चघळ, गिळू नको. अख्ख्या रस्त्यानं तुमी सोलायलेच व्हतात."

सरांना ते आठवत नव्हतं. त्यांनी माझ्याकडं पाहिलं, जणू मला माहीत असेल. मी तर त्या प्रवासात नव्हतेच. इतकी वर्षं त्यांनी जे ओझं वागवलं होतं ते तिच्या लेखी कधी नव्हतंच, हे त्यांना त्या क्षणी कळलं असावं. आणि पल्याड आता त्यांच्याशिवाय कुणाच्याच डोक्यात उरला नाही, हेही. त्यांचा चेहरा मोकळा झाला असं मला म्हणता येणार नाही. ते फक्त थकलेले दिसले.

मग शीतलनं श्रावणीला जवळ ओढलं, तिचे केस मागं सारले आणि विचारलं, "सर, बरं झालं तुमी आलात. हिला औंदा पहिलीत घातलंय. सासू म्हणायली ठिव. माझं मन व्हईना. तुमी सांगा. ठिवू का नेऊ?"

मी सरांकडं बघायचं टाळलं. अंगणात कोंबड्या फिरत होत्या. मला वाटलं, ते उठतील, हात जोडतील, मला विचारू नकोस म्हणतील. ते तसं म्हणाले असते तरी मी त्यांना बोल लावला नसता.

ते म्हणाले, "तुझ्या आईला मी ठेवा म्हणलो होतो. पण नुसतं ठेवा म्हणून घरी आलो. तुला तिच्याकडं कसं न्यायचं, कधी न्यायचं, हे माझ्या डोक्यातच आलं नाही. हिला ठेव. दर महिन्याला मी हिला तुझ्याकडं घेऊन येईन. दोन दिवस राहू, परत आणीन."

शीतल म्हणाली, "लय लांब हाय, सर. तुमचं वय झालंय."

सर म्हणाले, "रस्ता मला माहीत आहे."

त्यांनी ते केलं. पहिल्यांदा आम्हाला सगळ्यांनाच वाटलं, एखादी खेप होईल आणि मग काहीतरी निमित्त निघेल. त्यांच्या मुलानं परभणीहून येऊन समजावलं, बायकोनं गुडघ्यांची आठवण करून दिली. पण महिना भरत आला, की ते मानवतची गाडी धरायचे, गावात जाऊन श्रावणीला घ्यायचे आणि निघायचे.

मागच्या थंडीत ते मला मानवतच्या स्टँडवर भेटले. मी एका कामासाठी आले होते. सर बाकावर बसले होते, शेजारी श्रावणी, दोघांच्या मध्ये एक कापडी पिशवी. पोरीनं नवा स्वेटर घातला होता आणि ती पाय हलवत गाड्या बघत होती. आम्ही इकडचं तिकडचं बोललो. मग मला राहवलं नाही. एवढा लांबचा प्रवास, तासन् तास शेजारी बसलेलं पोर. मी विचारलं, हिला पल्याडचं सांगितलं का कधी?

त्यांनी नकारार्थी मान हलवली. "नाही सांगितलं. तिला आई पाहिजे, बाई. आई किती वाजता भेटेल, एवढंच विचारते ती."

घुमा, रांजणखळगे, त्या उभ्या बायका. एका माणसाच्या डोक्यात ते सगळं अजून होतं आणि त्यानं ते कुणालाही द्यायचं नाही असं ठरवलं होतं. निदान एकदा, निदान गंमत म्हणून, असं काहीतरी मी म्हणणार होते.

तेवढ्यात परभणीहून येणारी गाडी लागली. स्टँडवरची माणसं दाराकडं धावली. सर उठले आणि दाराकडं न जाता गाडीच्या बाजूला गेले. गुडघे धरून चालणारा, निवृत्त झालेला तो माणूस टाचा उंचावून खिडकीपर्यंत पोचला आणि त्यानं खिशातला रुमाल आत सीटवर टाकला. मग दाराशी लोटलेल्या गर्दीला ऐकू जाईल अशा आवाजात ओरडला, की जागा धरलीय, खिडकीची आहे, लेकरू आहे बरोबर.

श्रावणीनं पिशवी उचलली. माझ्याकडं बघून म्हणाली, "आमी आईकडं जायलोत," आणि पळत त्यांच्याकडं गेली.